गृहकर्जाचं घर शेवटी कितीला पडतं? नागपूरकरांचे नेहमीचे प्रश्न

मी करसल्लागार आहे. दरवर्षी जून-जुलैत रिटर्न भरायला लोक धंतोलीतल्या माझ्या ऑफिसात येतात, तेव्हा फाइलमध्ये बँकेचं व्याज प्रमाणपत्र असतं. वर्षभरात किती व्याज गेलं आणि किती मुद्दल फिटलं, हे त्या एका पानावर लिहिलेलं असतं. बरेच जण ते पान माझ्यासमोर पहिल्यांदा वाचतात आणि गप्प होतात. त्यानंतर जे प्रश्न येतात, ते इथे एकत्र केले आहेत. उदाहरणांत बहुतेक ठिकाणी ३० लाखांचं कर्ज, दरसाल ८.५ टक्के व्याज आणि २० वर्षांची मुदत धरली आहे. तुमचा दर वेगळा असेल, हिशेबाची रीत हीच राहील.

३० लाखांच्या कर्जाचे एकूण किती भरावे लागतात?

हप्ता येतो २६,०३५ रुपये. २४० हप्ते मिळून ६२ लाख ४८ हजार होतात. म्हणजे मुद्दल ३० लाख आणि व्याज ३२ लाख ४८ हजार. घराच्या किमतीची घासाघीस करताना आपण बिल्डरकडून पन्नास हजार सोडवून घेतो आणि समाधानाने घरी येतो. कर्जाच्या अर्जावर मुदतीचा रकाना मात्र समोरचा माणूस भरतो, आपण सही करतो. माझ्या मते सगळ्या व्यवहारातला सर्वात महागडा रकाना तोच आहे.

पाच वर्षं एकही हप्ता चुकवला नाही, तरी मुद्दल जागेवरच आहे. बँक फसवते का हो?

नाही, बँक फसवत नाही. व्याज दर महिन्याला शिल्लक मुद्दलावर लागतं, आणि सुरुवातीला मुद्दल पूर्ण असतं. पहिल्या महिन्याचं व्याजच २१,२५० रुपये. २६,०३५ मधून ते वजा गेलं की मुद्दलाला ४,७८५ रुपये उरतात. पुढच्या महिन्यात व्याज तीसेक रुपयांनी कमी लागतं आणि मुद्दलाला तेवढेच जास्त मिळतात. अशी ही मुंगीच्या पावलाची चाल आहे.

पाच वर्षांत तुम्ही १५ लाख ६२ हजार भरता. त्यातले १२ लाखांहून थोडे जास्त व्याजात जातात, मुद्दल उतरतं साडेतीन लाखांच्या आसपास. बँकेचं येणं तेव्हाही २६ लाख ४४ हजार असतं. हप्त्यात मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला बाराव्या वर्षाची अखेर उजाडते. निम्मं कर्ज, म्हणजे १५ लाख, फिटायला १३ वर्षं १० महिने लागतात.

एवढ्यासाठीच कर्ज घेताना हप्त्यांचा पूर्ण तक्ता मागून घ्या आणि कपाटाच्या दाराला आतून चिकटवा. बँक मागितल्यावर देते. न मागता मोबाइलवर येतो तो फक्त हप्ता कापल्याचा मेसेज.

२० वर्षं घ्यावी की ३०? ३० वर्षांत हप्ता हलका बसतो.

हलका म्हणजे किती, ते बघा. ३० वर्षांचा हप्ता २३,०६७ रुपये, म्हणजे महिन्याला जेमतेम तीन हजारांची सवलत. तिच्यासाठी एकूण व्याज ३२ लाखांवरून ५३ लाखांवर जातं. उलट १५ वर्षं घेतली, तर हप्ता साडेतीन हजारांनी वाढून २९,५४२ होतो आणि व्याज २३ लाख १८ हजारांवर थांबतं.

मिहानमध्ये नोकरी करणारी एक तरुण जोडी माझ्याकडे आली होती. दोघांचा प्रश्न एकच, "ताई, हप्ता झेपेल ना?" झेपेल का हे विचारायलाच हवं, पण त्याला जोडून "किती वर्षं?" हेही विचारा. नुसता हप्ता बघून घेतलेलं कर्ज जवळजवळ नेहमी लांबतं, कारण हप्ता कमी दाखवण्याची सगळ्यात सोपी युक्ती म्हणजे मुदत वाढवणं.

तरीही ३० वर्षं घेणारा प्रत्येक जण चुकतो असं मी म्हणणार नाही. पगार कमी आहे, वय पंचविशीचं आहे, घरात आजारपण आहे, तर मोठ्या मुदतीत श्वास घ्यायला जागा मिळते. मग पगार वाढेल तसा हप्ता स्वतःहून वाढवून घ्या. हे वाढवणं राहून गेलं तर मात्र ५३ लाखांचा आकडा खरा होतो.

व्याजदर वाढला म्हणतात, पण माझा हप्ता तेवढाच आहे. म्हणजे मी सुटलो?

हा प्रश्न आला की मी हातातलं काम बाजूला ठेवते.

हप्ता तोच राहिला, याचा अर्थ बहुधा तुमची मुदत वाढली. ३० लाखांच्या कर्जावर दर ८.५ वरून ९.५ झाला आणि हप्ता २६,०३५ च ठेवला, तर २४० ऐवजी सुमारे ३०८ हप्ते भरावे लागतात. एका टक्क्याने पावणेसहा वर्षं वाढतात, रुपयांत जवळजवळ १८ लाख. खात्यातून दर महिन्याला तेवढीच रक्कम जाते, म्हणून घरात कुणाच्या लक्षात येत नाही.

हे माझ्या घरी घडलं आहे. २००४ मध्ये आम्ही त्रिमूर्तीनगरात फ्लॅट घेतला, ८ लाखांचं कर्ज, ८ टक्के, १५ वर्षं. २००८ च्या अखेरीस दर अकराच्या वर गेला होता, हप्ता मात्र बदलला नव्हता. मी स्वतः लोकांचे हिशेब लिहिणारी, पण स्वतःच्या कर्जाचा तक्ता चार वर्षं उघडला नव्हता. शाखेत जाऊन मागितला, तर उरलेली मुदत पंधरा वर्षांहून थोडी जास्तच निघाली. चार वर्षं हप्ते भरून आम्ही सुरुवातीच्या रेषेच्याही मागे होतो. त्या कर्जाचं एकही पत्र घरी आलं नव्हतं. तो कागद हातात घेऊन मी शाखेबाहेरच्या पायरीवर किती वेळ बसले होते, ते आजही आठवतं.

आता नियम कर्जदाराच्या बाजूने बरेच सुधारले आहेत. रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये काढलेल्या परिपत्रकाप्रमाणे दर बदलल्यावर हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की थोडं थोडं दोन्ही, हे निवडण्याचा पर्याय कर्जदाराला द्यावा लागतो. हप्ता किंवा मुदत बदलली तर लगेच कळवावं लागतं. दर तिमाहीला आतापर्यंत वसूल झालेलं मुद्दल व व्याज, हप्त्याची रक्कम आणि उरलेले हप्ते दाखवणारं साधं विवरणही मिळायला हवं. हप्ता महिन्याच्या व्याजालाही पुरत नाही आणि कर्ज फुगत जातं, अशी स्थिती मुदत वाढवताना येऊ द्यायची नाही, असंही त्यात आहे. पर्याय विचारणारा मेसेज आला तर उत्तर द्या. झेपत असेल तर हप्ता वाढवा, मुदतीला हात लावू देऊ नका.

दर नेमका कशावर ठरतो?

१ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवी बदलत्या दराची गृहकर्जं बाहेरच्या मापदंडाला जोडावी लागतात, आणि बहुतेक बँकांनी त्यासाठी रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने कर्ज देते तो दर, निवडला. रेपोवर बँक आपला फरक लावते आणि तिमाहीत निदान एकदा दर नव्याने ठरवते. रेपो मे २०२० मध्ये ४ टक्के होता, फेब्रुवारी २०२३ मध्ये साडेसहा झाला आणि जून २०२५ पर्यंत पुन्हा साडेपाचवर उतरला. आपला जुना आरबीआय चौक आता संविधान चौक झाला, पण त्या इमारतीच्या मुख्यालयात मुंबईला होणारा निर्णय बेसा-मानेवाड्यातल्या स्वयंपाकघरापर्यंत असा पोचतो.

दोन गोष्टी तपासा. कर्ज २०१९ च्या आधीचं असेल तर ते अजून एमसीएलआर किंवा बेस रेट या, बँकेनेच ठरवलेल्या जुन्या मूळ दरांवर पडून असेल. तिथे दर उतरायला वेळ लागतो, नव्या पद्धतीत जाण्यासाठी अर्ज करा. कर्ज बँकेऐवजी गृहवित्त कंपनीचं असेल तर रेपोला जोडण्याची सक्ती तिच्यावर नाही, ती स्वतःचा मूळ दर ठरवते.

फिक्स्ड दर घेतला तर कटकट नाही ना?

किती वर्षांसाठी फिक्स्ड, ते कागदावर वाचा. अनेक योजनांत पहिली दोन-तीन किंवा पाच वर्षंच दर स्थिर असतो.

मध्येच जास्तीचे पैसे भरले तर दंड लागतो का? फायदा किती?

बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतीआधी पैसे भरण्याचा दंड बँका २०१२ पासून घेऊ शकत नाहीत. शाखेत कुणी "चार्ज लागेल" म्हणालं तर लेखी मागा.

फायद्याचं म्हणाल तर पहिलं वर्ष संपताना एक लाख रुपये मुद्दलात भरा आणि हप्ता तोच ठेवा. सुमारे १८ हप्ते कमी होतात आणि ३ लाख ७० हजारांच्या आसपास व्याज वाचतं. तोच लाख पंधराव्या वर्षी भरला तर वाचणारं व्याज फार थोडं, कारण तोवर बँकेने आपलं बहुतेक व्याज घेतलेलं असतं. म्हणून सुरुवातीची पाच-सात वर्षं सर्वांत मोलाची.

दरवर्षी एक हप्ता जादा भरणं ही सर्वांना जमणारी सवय आहे. दिवाळीचा बोनस, आवर्ती ठेवीचे पैसे, काही घरांत काटोल-नरखेडकडच्या संत्र्याच्या बागेतल्या आंबिया बहाराचे पैसे. एवढ्याने २० वर्षांचं कर्ज १६ वर्षं ८ महिन्यांत संपतं.

पैसे भरताना अर्जावर स्पष्ट लिहा की मुदत कमी करा, हप्ता नको. नुसतेच भरले तर काही ठिकाणी हप्ता कमी करून मुदत तीच ठेवतात आणि वाचणारं व्याज बरंच घटतं. पोचपावती आणि नवा तक्ता घेतल्याशिवाय टेबल सोडू नका.

एफडी मोडून कर्जात भरावी का?

सगळी नाही. आधी सहा महिन्यांचे हप्ते आणि घरखर्च हाताशी राहू द्या, मग उरलेल्याचा विचार करा. एफडीच्या व्याजावर कर लागतो, त्यामुळे हातात पडणारा दर कर्जाच्या दराहून बहुधा कमीच असतो. पण रिकाम्या हाताने नोकरी गेलेला माणूस मी पाहिला आहे. कर्जात भरलेले पैसे बँक मागितल्यावर परत देत नाही. ओव्हरड्राफ्ट पद्धतीच्या गृहकर्जात जादा ठेवलेले पैसे परत काढता येतात आणि तोवर तेवढ्यावर व्याज लागत नाही. तिथे दर किंचित जास्त असतो, तरी धंदेवाल्यांना ही सोय उपयोगी पडते.

व्याज सोडून आणखी काय काय खर्च येतो?

बेसा किंवा मनीषनगरकडे ३८ लाखांचा, बांधकाम चालू असलेला फ्लॅट धरू. आठ लाख तुमचे, तीस बँकेचे.

मुद्रांक शुल्क मूळ ५ टक्के. त्यावर स्थानिक संस्थेचा आणि मेट्रोचा अधिभार धरून नागपुरात सात टक्क्यांच्या आसपास हिशेब ठेवा, म्हणजे अडीच लाखांच्या वर. घर फक्त बाईच्या नावावर घेतलं तर राज्यात मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत आहे, इथे ३८ हजार. नवऱ्याचं नाव जोडलं की ती जाते. नोंदणी फी एक टक्का, पण ३० हजारांच्या वर नाही. जीएसटी ५ टक्के. मात्र घर ४५ लाखांपर्यंतचं आणि चटई क्षेत्र ९० चौरस मीटरपर्यंत असेल तर १ टक्काच, कारण या नियमात नागपूर महानगरांच्या यादीत नाही. मुंबईत हीच मर्यादा ६० चौरस मीटर आहे. इथे ३८ हजारांत भागतं. पूर्णत्वाचा दाखला मिळाल्यावर घेतलेल्या फ्लॅटवर जीएसटीच नाही.

त्यापुढे बँकेची प्रोसेसिंग फी आणि त्यावरचा जीएसटी, वकिलाचा शोध अहवाल, मूल्यांकन, बँकेकडे कागद गहाण ठेवण्याच्या दस्ताचं मुद्रांक शुल्क आणि त्या गहाणाची माहिती नोंदणी कार्यालयाला देणाऱ्या नोटीस ऑफ इंटिमेशनची फी. मग फर्निचर, ग्रिल, आणि नागपूरचा उन्हाळा असल्याने कूलरसाठी खिडकीला स्टँड. पुढे दरवर्षी महापालिकेचा मालमत्ता कर, सोसायटीचा देखभाल खर्च. यातलं बरंचसं कर्जात बसत नाही. लोक मग पर्सनल लोन काढतात किंवा दागिने गहाण ठेवतात, आणि त्याचा दर गृहकर्जापेक्षा चांगलाच जास्त असतो.

किंमत, मुद्रांक, नोंदणी, जीएसटी आणि २० वर्षांचं व्याज एवढंच मिळवलं तरी ३८ लाखांचा फ्लॅट ७४ लाखांच्या आसपास पडतो.

यातला कर्जाचा सगळा खर्च आधीच एका ठिकाणी लिहून मिळण्याची सोय १ ऑक्टोबर २०२४ पासून आहे. कर्ज देणाऱ्याने तुमच्या भाषेत समजेल असं मुख्य तथ्य विवरण द्यायचं असतं आणि त्यात सगळे आकार धरून येणारा वार्षिक दर लिहायचा असतो. दोन बँकांची तुलना जाहिरातीतल्या दराने करू नका, त्या विवरणातल्या दराने करा. विचार करायला किमान तीन कामाचे दिवस मिळतात, ते वापरा.

बिल्डर म्हणतो, ताबा मिळेपर्यंत फक्त व्याज भरा.

त्याला प्री-ईएमआय म्हणतात. बँकेने दिलेल्या रकमेवरचं व्याज तेवढं तुम्ही भरता, मुद्दल एक रुपयाही उतरत नाही. सरासरी १५ लाख उचलले गेले आहेत असं धरलं तर दोन वर्षांत अडीच लाखांच्या वर जातात, आणि त्यानंतर २० वर्षं नव्याने सुरू होतात. त्यात राहत्या घराचं भाडंही चालूच. ताबा लांबला तर हा खर्च लांबतो, म्हणून महारेराच्या संकेतस्थळावर प्रकल्पाची पूर्णत्वाची तारीख आणि ती किती वेळा पुढे ढकलली आहे, ते आधी बघा. शक्य असेल तर पूर्ण हप्ता पहिल्यापासून सुरू करायला सांगा.

बँकेने कर्जासोबत विमा घ्यायलाच लावला. आवश्यक आहे का?

घरातला कमावता गेला तर कर्जाचं ओझं मागे राहू नये, यासाठी विमा हवाच, यावर माझं ठाम मत आहे. पण तो बँकेकडूनच आणि एकरकमी हप्त्याचाच घेतला पाहिजे असं नाही. ८० हजारांचा एकरकमी हप्ता कर्जात मिळवला, तर २० वर्षांत त्याचे १ लाख ६६ हजार होतात. स्वतंत्र टर्म विम्याचे दर काढून बघा, आणि तब्येतीची माहिती लपवू नका.

दुसरी बँक अर्धा टक्का कमी देते. कर्ज हलवू का?

समजा २४ लाख शिल्लक आहेत आणि १५ वर्षं उरली आहेत. ८.५ वरून ८ वर आलात तर हप्ता २३,६३४ वरून २२,९३६ होतो, एकूण सव्वा लाख वाचतात. त्यातून नवी प्रोसेसिंग फी, वकील, मुद्रांक वजा करा. उरतं ते तुमचं.

आता खाच बघा. नवी बँक म्हणते, "हप्ता वीस हजारच करून देतो." ती १५ ची मुदत पुन्हा २० करते. ८ टक्क्यांनी २४ लाखांचा २० वर्षांचा हप्ता २०,०७५, एकूण ४८ लाख १८ हजार. जुन्या, महाग बँकेत राहिला असतात तर एकूण ४२ लाख ५४ हजार भरले असते. दर कमी होऊन साडेपाच लाख जास्त गेले. अशी दोन प्रकरणं माझ्यासमोर आली आणि दोघांनीही पेढे आणले होते.

हलवण्याआधी आपल्या बँकेला पत्र द्या की नव्या ग्राहकाला जो दर देता तो मलाही द्या. थोडी फी घेऊन बऱ्याचदा देतात.

करात सवलत मिळते, मग कर्ज लवकर काहून फेडायचं?

कर वाचतो म्हणून व्याज भरत राहणं तोट्याचं आहे. जुन्या करपद्धतीत स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजाची वजावट वर्षाला दोन लाखांपर्यंत. पहिल्या वर्षीचं व्याजच अडीच लाखांवर असतं. ३० टक्क्यांच्या टप्प्यातल्या माणसालाही दोन लाख व्याजावर उपकरासह ६२,४०० रुपये परत मिळतात, बाकी त्याच्याच खिशातून जातात. मुद्दलाची वजावट दीड लाखांच्या मर्यादेत पीएफ आणि विम्यासोबत बसते. नव्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजाला वजावट नाहीच. २०२५-२६ पासून तिथे १२ लाखांपर्यंत कर शून्य आहे, त्यामुळे माझे बरेच पगारदार अशील तिकडे गेले. त्यांच्यासाठी ही सवलत आता उरलेली नाही.

भाडं म्हणजे पाण्यात गेलेले पैसे, हे खरं ना?

पहिल्या वर्षी महिन्याला सरासरी २१ हजार रुपये व्याज जातं, तेही परत येत नाही. तसलाच फ्लॅट १३ हजारांत भाड्याने मिळत असेल, तर सुरुवातीची काही वर्षं भाडेकरू हिशेबात पुढे असतो, अर्थात त्याने फरक खरोखर साठवला तर. पुढे भाडं वाढत जातं, हप्ता साधारण तिथेच राहतो, आणि पंधरा वर्षांनी २६ हजार आजच्याइतके जड वाटत नाहीत. दोन-चार वर्षांत पुण्याला बदलीची शक्यता असेल तर घाई करू नका, इथेच राहायचं असेल तर घर घ्या. घराला पैशापलीकडचं मोल आहे हे मला मान्य आहे. किंमत कळल्यावर घ्यावं, एवढाच माझा आग्रह.

आधी प्लॉट घेऊन ठेवतो, सावकाश बांधतो. चालेल?

नागपूरकरांचं जुनं स्वप्न. प्लॉटच्या कर्जाची मुदत बहुधा कमी असते, आणि घर बांधून होईपर्यंत करात वजावट नाही. त्याहून महत्त्वाचं म्हणजे ले-आउट मंजूर आहे का, अकृषक आदेश आहे का, गुंठेवारीतला असेल तर आरएल, म्हणजे प्लॉट नियमित केल्याचं पत्र, हातात आहे का, हे बघा. "आरएल होऊन जाईन भाऊ" या भरवशावर घेतलेल्या प्लॉटला बँका कर्ज नाकारतात, मग पैसा महागड्या व्याजाने बाहेरून उभा करावा लागतो.

बँक ऐकतच नाही, तक्रार कुठे करायची?

आधी बँकेकडे लेखी. ३० दिवसांत उत्तर आलं नाही किंवा पटलं नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे, फी नाही. माहितीसाठी १४४४८. गृहवित्त कंपनी असेल तर तक्रार राष्ट्रीय आवास बँकेकडे.

शेवटचा हप्ता भरला. आता?

हप्ता भरून काम संपत नाही. कर्ज फिटल्यापासून ३० दिवसांत मूळ कागद परत करणं आणि गहाणखताची नोंद उठवणं बँकेला १ डिसेंबर २०२३ पासून बंधनकारक आहे. तिच्या चुकीने उशीर झाला तर दर दिवसाला ५,००० रुपये भरपाई. नो ड्यूज पत्र घ्या, सिबिलच्या अहवालात कर्ज बंद दिसतंय का ते महिन्या-दोन महिन्यांनी बघा, आणि मिळकत पत्रिकेवर किंवा सातबारावर बँकेचा बोजा चढवला असेल तर तो कमी करून घ्या.

आणि ज्यांचं कर्ज आजच सुरू होतंय, त्यांनी बँकेकडे दिलेल्या प्रत्येक मूळ कागदाची यादी करून तिच्यावर शाखेचा शिक्का घ्यावा. वीस वर्षांनी त्या शाखेत आजचं कुणीही नसेल. आमच्या वेळी खरेदीखत मिळालं, पण आधीच्या मालकाचं साखळीतलं एक खत सापडेना. यादी होती म्हणून ते तीन आठवड्यांत दुसऱ्या फाइलमधून निघालं.